जप्ती उठली, आता याचिकेचे काय करायचे?

प्रश्न : मी ऐरोलीत राहणारी निवृत्त शिक्षिका आहे. रबाळे एमआयडीसीत वर्कशॉप टाकण्यासाठी माझ्या भाच्याने एका पतसंस्थेकडून कर्ज घेतले, तेव्हा मी त्याला जामीन राहिले. हप्ते थकले. संस्थेने आम्हा दोघांविरुद्ध सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 101 चा वसुली दाखला मिळवला आणि वसुली अधिकाऱ्याने माझी राहती सदनिका जप्त केली. दाखल्यावरची एकूण रक्कम 18 लाख रुपये होती. त्या दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज (म्हणजे तो वरच्या अधिकाऱ्याने तपासून पाहावा असा अर्ज) करण्यासाठी मी निवृत्तीच्या पैशांतून 9 लाख रुपये संस्थेत भरले, पण कोकण भवनातल्या सहकार खात्याच्या कार्यालयात तो अर्ज फेटाळला गेला. मग जप्तीविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका केली आणि लिलावाला स्थगिती मिळाली. आता भाच्याने संस्थेशी तडजोड केली असून जप्ती उठवल्याचे संस्था सांगते. माझे वकील म्हणतात की याचिकेत काही उरलेले नाही, ती निष्फळ म्हणून निकाली निघेल. माझ्या घराच्या जप्तीची नोटीस कितीतरी महिने सोसायटीच्या फलकावर लागलेली होती. जप्ती चूक होती असे न्यायालयाने एकदा म्हणावे, एवढीच माझी इच्छा आहे. याचिका निष्फळ ठरली म्हणजे मी हरले का? माझ्या दिरांच्या घोडबंदर रस्त्यावरील सदनिकेवर ईडीची जप्ती आहे. त्यांचीही याचिका निष्फळ ठरली, पण त्यांची जप्ती मात्र तशीच आहे. हे कसे?

उत्तर : आपण हरलेल्या नाहीत; पण जिंकलात असेही कागदावर कुठे लिहिले जाणार नाही, आणि आपली खंत बहुधा तीच आहे. उच्च न्यायालयात आपण एका ठरावीक आदेशाविरुद्ध दाद मागितली होती. तो आदेश ज्यांनी काढला त्यांनीच मागे घेतल्यावर रद्द करण्यासारखे काही न्यायालयापुढे राहत नाही, आणि अस्तित्वात नसलेल्या आदेशावर केवळ मत नोंदवण्यासाठी न्यायालये सहसा वेळ देत नाहीत. प्रकरण दाखल झाल्यानंतर घडलेल्या घटनांची दखल घेऊन मगच दाद द्यायची की नाही हे ठरवावे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने 1975 साली पसुपुलेटी वेंकटेश्वरलु प्रकरणात मांडले. अशा घटनेमुळे प्रकरणाचा हेतूच संपला असेल तर ते बंद करणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरते, असे 2004 साली शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या निकालात सांगितले गेले. या रीतीने निकाली निघालेल्या याचिकेत जप्ती बरोबर होती की चूक होती यावर एक अक्षरही नसते. त्यामुळे उद्या संस्थेतल्या कोणी ‘कोर्टाने बाईंची केस काढून टाकली’ असे सांगत फिरायला सुरुवात केली तर ते खोटे असेल. आणि ‘कोर्टाने जप्ती रद्द केली’ असे आपण सांगितलेत तर तेही खरे नसेल.

आपल्या वकिलांचे म्हणणे कायद्याला धरून आहे, पण मला ते अपुरे वाटते. जप्तीचा आदेश गेला म्हणजे जप्तीने मागे ठेवलेले सगळे गेले, असे होत नाही. म्हणून याचिका निष्फळ झाल्याचे मान्य करण्याआधी तिच्या शेवटी मागण्या जिथे लिहिलेल्या असतात ते पान काढून शांतपणे वाचा. तिथे फक्त वसुली अधिकाऱ्याचा जप्तीचा आदेश रद्द करावा एवढेच मागितले आहे, की वसुली दाखला आणि आपला पुनरीक्षण अर्ज फेटाळणारा आदेश हेही रद्द करावेत असे मागितले आहे? या दोन स्थितींत मोठा फरक आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 101 खाली दिलेला दाखला हा थकबाकीचा अंतिम व निर्णायक पुरावा मानला जातो आणि त्यावरची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करता येते. जप्ती ही त्या दाखल्याच्या पोटी झालेली पुढची कारवाई होती. दाखल्याला आव्हान दिलेले असेल आणि दाखला अजून जिवंत असेल, तर याचिकेतला तेवढा भाग निष्फळ झालेला नाही, आणि तो निष्फळ झाल्याचे आपण आपल्या तोंडाने कबूल करता कामा नये. आव्हान फक्त जप्तीला असेल तर ती मागणी खरोखरच संपली आहे. मात्र दाखला तसाच राहिला तर हिशेबात ‘अजून थोडी रक्कम निघते’ असे म्हणून संस्था पुन्हा आपल्या दाराशी येऊ शकते, ही शक्यता उरते.

पुन्हा जप्ती होण्याची भीती काल्पनिक नाही. जीएसटी कायद्याच्या कलम 83 खालची तात्पुरती जप्ती एका वर्षाने आपोआप संपते. वर्ष संपले की तिच्याविरुद्धची याचिका निष्फळ, आणि पाठोपाठ त्याच कारणाने त्याच खात्यावर तशीच नवी जप्ती, असा क्रम काही ठिकाणी चालू झाला होता. ऑगस्ट 2025 मध्ये केसरी नंदन मोबाईल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मुदत संपलेल्या जप्तीचे असे नूतनीकरण करता येणार नाही असे ठरवून ही वाट बंद केली. तो कायदा वेगळा आहे आणि आपल्या प्रकरणाला तो निकाल थेट लागू होत नाही. पण आदेश मागे घेऊन सुनावणी टाळायची आणि नंतर तोच आदेश पुन्हा काढायचा, अशी शंका घेण्यास जागा असेल तर प्रकरण निष्फळ मानू नये, असा युक्तिवाद न्यायालये ऐकून घेतात, एवढे त्यातून लक्षात ठेवावे. आपल्या बाबतीत ही शंका दूर करण्याचा सरळ मार्ग म्हणजे दाखल्याची पूर्ण वसुली झाली असून आपल्याकडून काहीही येणे नाही, असे संस्थेने लेखी देणे.

आता ज्या गोष्टीचा आपल्या पत्राच्या शेवटच्या भागात उल्लेखच नाही तिच्याकडे वळतो. आपल्या 9 लाखांचे काय झाले?

वसुली दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज करायचा असेल तर एकूण येणे रकमेच्या 50 टक्के रक्कम संबंधित संस्थेत भरल्याशिवाय तो दाखलच करून घेता येत नाही, अशी अट सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 154 मध्ये आहे. ती अट आपण पाळलीत. अर्ज फेटाळला गेल्यावर ती रक्कम संस्थेकडेच राहिली. नंतर भाचा तडजोडीला बसला तेव्हा संस्थेने ती रक्कम कोणत्या खात्यात धरली, हे आपल्याला कोणी सांगितलेले दिसत नाही. समजा तडजोड 13 लाखांवर ठरली. भाच्याने स्वतः 13 लाख भरले असतील तर आपले 9 लाख संस्थेकडे अनामत म्हणून पडून आहेत आणि ते परत मिळणे हा आपला हक्क आहे. पण त्या 13 लाखांत आपले 9 लाख धरून भाच्याने केवळ 4 लाख आणून दिले असतील, तर ‘भाच्याने कर्ज मिटवले’ हे वाक्यच खरे नाही. कर्ज मुख्यतः आपण मिटवलेत, आणि तेही आपल्याला न विचारता. 13 लाख हा आकडा मी उदाहरणासाठी घेतला आहे. खरा आकडा संस्थेच्या खातेउताऱ्यावर सापडेल. तो उतारा कर्ज दिल्याच्या दिवसापासून खाते बंद होईपर्यंतचा पूर्ण मागा. त्यासोबत तडजोडीचा ठराव आणि सामोपचार परतफेड योजनेखालचे (थकबाकी तडजोडीने मिटवण्याच्या योजनेखालचे) मंजुरीपत्र यांच्या प्रतीही लेखी अर्ज करून मागा, आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर संस्थेचा शिक्का व तारीख घ्या. तोंडी चौकशीला तोंडीच उत्तर मिळते, आणि त्या उत्तराचा न्यायालयात काही उपयोग नसतो.

याला जोडूनच करार कायदा, 1872 मधली एक तरतूद आपल्या वकिलांपुढे ठेवा. धनको (कर्ज देणारा) आणि मुख्य कर्जदार यांनी जामीनदाराच्या संमतीशिवाय आपसात तडजोड केली तर जामीनदार जबाबदारीतून मुक्त होतो, असे कलम 135 सांगते. संस्था यावर दोन गोष्टी म्हणेल. एक, जामीनपत्राच्या छापील मजकुरात आपण हा हक्क आधीच सोडून दिला आहे. आणि दोन, वसुली दाखला निघाल्यानंतरच्या तडजोडीला हे कलम लागतच नाही. पहिल्या मुद्द्यासाठी जामीनपत्र वाचावे लागेल, कारण असा मजकूर बहुतेक छापील जामीनपत्रांत असतो आणि सही करताना तो कोणी वाचत नाही. दुसरा मुद्दा वादाचा आहे. तरीही 9 लाखांची बोलणी करायला बसाल तेव्हा हे कलम आपल्या बाजूला असलेले बरे, आणि बोलणी करण्याची खरी वेळ याचिका प्रलंबित आहे तोपर्यंतच आहे. ती निकाली निघाली की आपल्या फोनला संस्थेकडून किती तत्परतेने उत्तर येईल याचा अंदाज आपण बांधू शकता.

जप्ती उठवल्याचे ‘संस्था सांगते’ असे आपण लिहिले आहे. नेमके कोणी आणि कशावर सांगितले? लिलावापूर्वी पूर्ण येणे रक्कम, व्याज आणि खर्च भरला गेला तर विक्री अधिकाऱ्याने जप्तीचा आदेश रद्द करून मालमत्ता तत्काळ मोकळी करावी, अशी तरतूद सहकारी संस्था नियम, 1961 च्या नियम 107 मध्ये आहे. म्हणजे जप्ती उठवणारा आदेश त्या अधिकाऱ्याचा हवा. पतसंस्थांच्या बाबतीत गोंधळ असा होतो की सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 156 खालचे वसुलीचे अधिकार मिळालेला वसुली अधिकारी अनेकदा त्याच संस्थेचा नोकर असतो, त्यामुळे शाखा व्यवस्थापकाचे पत्र आणि वसुली अधिकाऱ्याचा आदेश एकाच लेटरहेडवर येतात आणि वाचणाऱ्याला दोन्ही सारखेच वाटतात. आपल्या हातातल्या कागदाखाली सही कोणाची आहे, ‘वसुली व विक्री अधिकारी’ हा हुद्दा आणि शिक्का आहे का, जावक क्रमांक आहे का, ते पाहा. मग मूळ जप्ती आदेश शेजारी ठेवून दोन्हींतले मालमत्तेचे वर्णन एकेक शब्द जुळवून घ्या : सेक्टर, भूखंड क्रमांक, इमारतीचे नाव, सदनिकेचा क्रमांक, क्षेत्रफळ, आणि वसुली दाखल्याचा क्रमांक व तारीख. ऐरोलीत जुन्या सिडको वसाहतींतल्या सदनिकांना एक क्रमांक वाटपपत्रावर आणि दुसरा सोसायटीच्या पाटीवर असण्याचे प्रकार आढळतात. जप्ती एका क्रमांकावर आणि मोकळीक दुसऱ्या क्रमांकावर झाली तर पुढे घर विकताना घेणाऱ्याचा वकील नेमके तिथेच बोट ठेवतो.

नवी मुंबईतल्या सदनिकांखालची जमीन सामान्यतः सिडकोकडून भाडेपट्ट्याने आलेली असते, त्यामुळे इथे सातबाऱ्यावरचा बोजा काढून विषय संपत नाही. जप्तीची प्रत सोसायटीला गेली असणार आणि सिडकोच्या वसाहत विभागालाही गेली असण्याची शक्यता आहे. सोसायटीने आपल्या भाग दाखल्यासमोर नोंदवहीत शेरा मारला असेल. हे शेरे जप्ती उठल्याबरोबर आपोआप पुसले जात नाहीत. जप्ती उठवणाऱ्या आदेशाची प्रत त्या-त्या ठिकाणी देऊन नोंद काढल्याचे उत्तर घ्यावे लागते. दुय्यम निबंधक कार्यालयातल्या नोंदींचा सर्च रिपोर्टही काढून ठेवा. आणि सोसायटीच्या फलकाचा आपल्याला जो सल आहे त्यावर माझे मत असे की नोटीस जिथे लागली होती तिथेच जप्ती उठवल्याच्या आदेशाची प्रतही लावावी, असे चिटणिसांना लेखी कळवा. ती लावण्याची कायद्याने सक्ती आहे असे मी म्हणणार नाही, पण नाही म्हणायला चिटणिसांकडे कारणही नाही.

या सगळ्या गोष्टी याचिका बंद होण्याआधी का, याचे मुख्य कारण स्थगितीत आहे. लिलावावरची स्थगिती ही याचिकेच्या आधारावर उभी आहे. याचिका निकाली निघाली की तीही त्याच क्षणी संपते. जप्ती उठवल्याचा आदेश हातात नसताना, केवळ तोंडी निरोपावर विसंबून याचिका बंद करू दिलीत आणि पुढे तडजोडीचा शेवटचा हप्ता भाच्याकडून चुकला, तर जप्ती कायम आणि स्थगिती गेलेली, अशा अवस्थेत आपण सापडाल. एकदा लिलाव झाला की वाटा फार अरुंद होतात. नियम 107 खाली विक्रीनंतर 30 दिवसांच्या आत येणे रक्कम आणि खरेदीच्या किमतीच्या 5 टक्के रक्कम भरून विक्री रद्द करून घेता येते, किंवा त्याच मुदतीत विक्रीतल्या गंभीर अनियमिततेवर बोट ठेवून अर्ज करता येतो. त्यानंतर घेणाऱ्याचा हक्क पक्का होत जातो आणि आव्हान देणाऱ्याची याचिका आपल्यापेक्षा अगदी उलट कारणाने निष्फळ ठरू शकते. नवी मुंबईतल्याच टीटीसी औद्योगिक पट्ट्यातल्या एका भूखंडाचे प्रकरण सप्टेंबर 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले होते, सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स या नावाने. ती जप्ती नव्हती, बँकेची सरफेसी कायद्याखालची (थकीत कर्जासाठी तारण मालमत्ता न्यायालयात न जाता विकू देणाऱ्या कायद्याखालची) विक्री होती. लिलाव होऊन गेल्यावर कर्जदाराला पूर्ण रक्कम भरून मालमत्ता सोडवून घेण्याची परवानगी उच्च न्यायालयाने दिली होती, आणि सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. लिलावाची सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच कर्जदाराला तो हक्क असतो, असे म्हटले. पैसे तयार असूनही तारीख चुकली.

तेव्हा पुढच्या तारखेला काय व्हावे? आपल्या वकिलांनी ‘याचिका मागे घेतो’ असे म्हणू नये. रिट याचिका नव्याने दाखल करण्याची मुभा न मागता मागे घेतली तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही, हे सर्गुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1986 मध्येच सांगितले आहे. त्याऐवजी संस्थेच्या वकिलांनी न्यायालयापुढे निवेदन करावे आणि ते आदेशात नोंदवले जावे, असा आग्रह धरा. त्या निवेदनात जप्ती अमुक तारखेच्या आदेशाने रद्द केली आहे, वसुली दाखल्याखाली याचिकाकर्तीकडून आता काहीही येणे नाही, तिने पुनरीक्षणासाठी भरलेली रक्कम अमुक मुदतीत परत केली जाईल, आणि सोसायटी व सिडको यांना तसे लेखी कळवले जाईल, एवढे यायला हवे. संस्थेने ही गोष्ट न्यायालयाला दिलेली हमी म्हणून नोंदवू दिली तर उत्तमच, कारण न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे हा न्यायालय अवमान अधिनियम, 1971 खाली अवमान ठरतो, आणि एरवी पत्राला महिनोन्महिने उत्तर न देणारी संस्थाही त्या शब्दाला घाबरते. शेवटी ‘सर्व मुद्दे खुले ठेवून आणि हमी न पाळल्यास पुन्हा न्यायालयाकडे येण्याची मुभा देऊन याचिका निकाली काढण्यात येत आहे’ अशा अर्थाचे वाक्य मागा. 9 लाख आपल्याला न विचारता कर्जखाती वळवले असल्याचे उताऱ्यावरून दिसले, तर मात्र संस्था अशी हमी देणार नाही. अशा वेळी याचिका निकाली काढण्यास सरळ विरोध करून, नव्या घटना आणि रक्कम परत मिळण्याची मागणी समाविष्ट करण्यासाठी याचिकेत दुरुस्तीची परवानगी मागावी. न्यायालय ती देईलच असे नाही. रकमेचा वाद सहकार न्यायालयात न्या, असेही सांगेल. पण तसे सांगितले तरी ‘मुभा देऊन’ हे शब्द आदेशात आले पाहिजेत.

आता आपल्या मूळ इच्छेबद्दल. जप्ती चूक होती असे न्यायालयाने म्हणावे, ही अपेक्षा मला पूर्ण समजते, आणि सुनावणी जवळ आली की आदेश मागे घेऊन निकालापासून सुटका करून घेण्याच्या संस्थांच्या सवयीबद्दल मला आदर नाही. तरी केवळ त्या एका वाक्यासाठी याचिका चालू ठेवावी असा सल्ला मी देणार नाही. एक तर जामीनदाराची जबाबदारी मुख्य कर्जदाराइतकीच असते, हे करार कायद्याचे कलम 128 सांगते. कर्ज थकले होते ही गोष्ट खरी असल्याने, निकाल लागलाच तर जप्तीच्या कार्यपद्धतीतली एखादी चूक दाखवून लागेल. ‘बाईंचा दोष नव्हता’ असे त्यात येणार नाही. दुसरे, निकाल आपल्या विरुद्ध जाण्याचीही शक्यता असते, आणि आज जे मोकळे आहे त्यावर नको तो शिक्का बसेल. नुकसानभरपाईचा विचार वेगळा. दिवाणी न्यायालयातल्या दाव्यात पुरेशा कारणाशिवाय निकालापूर्वीच जप्ती करून घेतली असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 95 खाली 50,000 रुपयांपर्यंत भरपाई मिळू शकते, पण नियम 107 खालच्या जप्तीला ते कलम लागू नाही. आपल्याला सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 91 खाली सहकार न्यायालयात जाऊन नुकसान सिद्ध करावे लागेल, म्हणजे प्रत्यक्ष काय गेले, घराचा ठरलेला व्यवहार मोडला का, किती रकमेचा, त्याचा कागद आहे का. मनस्ताप एवढ्याच आधारावर तिथे फारसे हाती लागत नाही. दाव्याआधी त्याच अधिनियमाच्या कलम 164 ची दोन महिन्यांची नोटीसही लागेल का, ते वकिलांना विचारा.

दिरांचे प्रकरण वेगळे आहे आणि त्यात घाई आहे. मनी लाँडरिंग प्रतिबंधक कायदा, 2002 च्या कलम 5 खाली ईडी आधी तात्पुरती जप्ती करते. ती जास्तीत जास्त 180 दिवस टिकते, किंवा न्यायनिर्णय प्राधिकरणाने कलम 8 खाली आदेश देईपर्यंत, यांतले जे आधी होईल तोपर्यंत. त्यांनी तात्पुरत्या आदेशाला उच्च न्यायालयात आव्हान दिले असणार. मधल्या काळात प्राधिकरणाने जप्ती कायम केली, तात्पुरत्या आदेशाची जागा त्या नव्या आदेशाने घेतली, आणि याचिका ज्या आदेशाविरुद्ध होती तो राहिला नाही म्हणून ती निष्फळ ठरली. आपल्या बाबतीत जप्ती जाऊन याचिका संपली. त्यांच्या बाबतीत जप्ती अधिक पक्की होऊन याचिका संपली. त्यांचे भांडण मात्र संपलेले नाही. जप्ती कायम करणाऱ्या आदेशाविरुद्ध कलम 26 खाली अपिलीय न्यायाधिकरणाकडे अपील करता येते आणि त्याची मुदत आदेश मिळाल्यापासून 45 दिवसांची आहे. उच्च न्यायालयातल्या याचिकेच्या निकालाची वाट पाहण्यात ही मुदत उलटून गेली असेल तर विलंबाचे पुरेसे कारण दाखवून ती माफ करण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे. याचिका प्रलंबित होती हे कारण सांगता येईल, पण ती निकाली निघाल्यानंतरही जितके दिवस जातील तितके ते कारण पातळ होत जाईल. त्यांनी सदनिका बिल्डरकडून रीतसर नोंदणीकृत कराराने आणि गृहकर्ज काढून घेतली असेल तर करार, मुद्रांक व नोंदणीच्या पावत्या, बँकेतून बिल्डरला गेलेल्या प्रत्येक हप्त्याची नोंद आणि ताबापत्र हे सगळे अपिलासोबत लावावे लागेल, कारण आपण प्रामाणिक खरेदीदार आहोत हे त्यांना कागदांवरूनच दाखवायचे आहे. या आठवड्यातच त्यांना वकिलांकडे पाठवा.

राहिला भाचा. आपले पैसे कर्जखाती गेले असतील आणि संस्थेकडून ते परत मिळण्याची वाट बंद झाली, तर जामीनदाराने कर्जदारासाठी रीतसर भरलेली रक्कम त्याच्याकडून वसूल करण्याचा हक्क करार कायद्याच्या कलम 145 ने आपल्याला दिलेला आहे. भावाच्या मुलावर दावा लावायचा का, हे मी ठरवू शकत नाही, आणि आपण लावणार नाही असे मला पत्र वाचताना वाटले. तरीही आपली रक्कम कर्जखाती जमा झाल्यापासून तीन वर्षांची मुदत चालू होते, म्हणून त्याच्याकडून एवढे तरी आजच लिहून घ्या की जामीनदार म्हणून आत्याने माझ्या कर्जापोटी अमुक रक्कम भरली असून ती मी तिला देणे आहे. खाली त्याची सही आणि तारीख घ्या, योग्य त्या मुद्रांकाबद्दल वकिलांना विचारा, आणि तो कागद मुदत संपण्याआधी पुन्हा एकदा नव्या तारखेने करून घ्या. भाऊ हयात असतील तर त्यांच्यासमोरच घ्या. साक्षीदार म्हणून त्यांचीही सही झाली तर चांगले.